रेड्याचा थोरला

माझा थोरला भाऊ माझ्यापेक्षा तीन वर्षांनी मोठा आहे, आणि तो आमच्या घरी जन्माला आला तेव्हा मी एकतीस वर्षांचा होतो. हे वाक्य मी तलाठ्यापासून सासऱ्यापर्यंत पुष्कळांना सांगून पाहिलं. ऐकणारा आधी माझ्या तोंडाकडे बघतो, मग हळूच माझ्या तोंडाचा वास घेतो. म्हणून आता सगळं पहिल्यापासून सांगतो. मला स्वतःलाही ते अजून नीट उमगलेलं नाही.

आमचं गाव खडकवाडी, बदनापूरपासून सायकलवर पाऊण तास. बदनापूरच्या कडधान्य संशोधन केंद्रावर मी मदतनीस होतो. तुरीच्या वाणांना पाट्या लावायच्या, शेंगा मोजायच्या आणि साहेब आले की त्यांच्याबरोबर उन्हात उभं राहायचं, एवढंच काम. सत्त्याण्णव सालच्या पावसाळ्यानंतर तिथे प्रशिक्षणाला एक परदेशी माणूस आला. उंच, काळाभोर, दात पांढरेशुभ्र. नाव दोमिंगोस. देश गिनी-बिसाव. केंद्रावर कुणीही हे नाव ऐकलेलं नव्हतं. साहेबांनी नकाशा काढला, आफ्रिकेच्या पश्चिम कडेला बोट ठेवलं, तर बोटाखाली अख्खा देश झाकला गेला.

त्यांच्यावर पोर्तुगीजांचं राज्य होतं, आपल्या गोव्यासारखं. त्यामुळे त्याचं इंग्रजी लंगडं, आणि माझं तर जन्माचंच लंगडं. दोन लंगडे बरोबर चालले की कुणाला कुणाची घाई होत नाही. आमचं जमलं.

फेब्रुवारीत तो एकाएकी गप्प झाला. डबा खाईना, हरभऱ्याच्या वाफ्यात बसून राही. मी म्हटलं, घरी काही वाईट झालं का? तर म्हणाला, नाही, घरी आत्ता कार्निव्हल चालू आहे आणि मी इथे आहे. मग त्याने मला ते सगळं सांगितलं. त्याचा देश चार-पाच जिल्ह्यांएवढा, पण माणसं नाना तऱ्हेची. बालांता, पापेल, फुला, मांदिंगा, शिवाय बेटांवरचे बिजागो. प्रत्येकाची भाषा निराळी, नाच निराळा, देव निराळा. वर्षभर एकमेकांच्या नावाने बोटं मोडायची. पण त्या तीन-चार दिवसांत सगळे राजधानीत येतात, आपापला पोशाख घालून, आपापले ढोल घेऊन, कागदाच्या लगद्याचे हे एवढाले मुखवटे चढवून. रस्त्याच्या कडेला उभं राहून माणूस सगळ्यांना जाताना बघतो. पहिला घोळका गेला की म्हणतो, हे आमचे नाहीत. दुसरा गेला की म्हणतो, हेही नाहीत. आणि शेवटचा गेल्यावर त्याला वाटतं, हे सगळे मिळून मीच आहे.

"आमचा देश चोवीस वर्षांचा," तो म्हणाला. "शाळेच्या पुस्तकात तो मला कधी सापडला नाही. तिथे सापडतो."

मला हसू आलं. आमच्या देशाला नुकतीच पन्नास वर्षं झाली होती. त्यानिमित्त तहसीलला लांबलचक भाषणं झाली आणि आम्हाला एकेक पेढा मिळाला. देश सापडला का, असं कुणी विचारलं नाही. मी त्याला म्हटलं, आमच्या गावातही रंगपंचमीला सोंगं निघतात, मुखवटे लावून. चल.

इथे सोंगांबद्दल थोडं सांगायला पाहिजे. आमच्या गावात लाकडी मुखवटे आहेत आणि एकेक मुखवटा एकेका घराचा. रावण काकासाहेबांच्या घरी. ते गावातले मोठे शेतकरी, विहिरी दोन, आवाज चार माणसांचा. आणि रेडा, म्हणजे महिषासुर, आमच्या घरी. पांगाऱ्याच्या लाकडाचा, वर खऱ्या रेड्याची शिंगं. आम्ही मूळचे मेंढरांमागे फिरणारे, पणज्याच्या काळात इथे टेकलो. वर्षभर गावकीच्या बैठकीत आमची जागा चपलांशेजारी. पण रंगपंचमीला रेडा सगळ्यांच्या पुढे चालतो. तो वाट मोकळी करतो, मग बाकीची सोंगं येतात. त्या दिवशी माझा बाप रायभान पुढे नाचत येतो आणि काकासाहेबांना रस्त्याच्या कडेला सरकावं लागतं. आमच्या घराला गावात जी काही किंमत होती ती या एका लाकडात होती. माझा बाप हे बोलून दाखवायचा, आणि मुखवट्याला तेल लावताना तर रोज बोलून दाखवायचा.

नियमही पक्के. मुखवटा भुईला टेकता कामा नये. नाचणारा दमला की ज्याने मुखवटा झेलला आणि स्वतःच्या तोंडाला लावला, मान त्याचा. पुढच्या कुठल्या तरी पंचमीला त्याने स्वतःच्या हाताने दिला तरच तो दुसऱ्याकडे जातो. म्हणून वारस नाचणाऱ्याच्या पाठीमागे दोन हातांच्या अंतरावर चालतो. त्या वर्षी वारस मी होतो.

मारुतीच्या देवळापुढे दादा, म्हणजे माझा बाप, कोसळला. पासष्टीचं वय, मार्चचं ऊन, आणि शिंगांचं वजन. मी पुढे झेपावलो आणि बापाला धरला. दोन्ही हातांनी. तिसरा हात मला नव्हता. मुखवटा दादाच्या डोक्यावरून निसटला, आणि गर्दीतून दोन लांब काळे हात आले आणि त्यांनी तो वरच्या वर झेलला.

तेवढ्यावर थांबला असता तरी निभावलं असतं. पण दोमिंगोसच्या देशात बेटांवरची तरणी पोरं शिंगांचा बैलाचा मुखवटा घालून नाचतात, आणि तो नाच राजधानीच्या कार्निव्हलातही येतो. त्याच्या आईच्या गल्लीतली पोरं लहानपणापासून त्याची नक्कल करायची. त्याने मुखवटा डोक्यावर चढवला, गुडघे वाकवले, आणि असा फुरफुरला की पुढच्या बाया पदर सावरत मागे पळाल्या. हलगीवाले आधी थांबले, मग त्याच्या पायांकडे बघून त्यांचे हात सुटले. वेशीपर्यंत नाचला तो. खरं सांगतो, माझ्या बापाला तसं कधी नाचता आलं नव्हतं.

दादाने डोळे उघडले. पहिला शब्द, "टेकला का?"

"न्हाई."

"तू लावला ना?"

मी वेशीकडे बोट केलं. समोर सगळं दिसतच होतं.

दुसऱ्या दिवशी देवळात गाव बसलं. कडूबा म्हणजे गावातला सगळ्यात म्हातारा माणूस, सोंगांचा निवाडा तोच करायचा. काकासाहेब आधीच तयारीने आले होते.

"परदेसी माणसानं लावला," ते म्हणाले. "मान त्याचा झाला. आन् तो तर मे म्हैन्यात जाऊन राह्यला. मंग मान बेवारस. बेवारस मान गावाचा. आमचा पुंजाराम लावील फुडच्या साली."

पुंजाराम त्यांचा पुतण्या. दादाचं तोंड राखेसारखं झालं. मी म्हटलं, "परक्या माणसाला नियम कसा लागू? त्याला काय माहीत?"

कडूबा हसला. "आबाराव, काकासाहेबाच्या आज्यानं रावण असाच झेलल्ता. तो बी बाहेरगावचा घरजावई होता. नियम मोडला तर रावण बी जाईल. काय काकासाहेब?"

काकासाहेब म्हणाले, नियम नियम आहे, तो मोडण्याचा सवालच नाही. आमच्या बाजूने बोलायला गेलो आणि नियम आणखी घट्ट करून बसलो.

मग गावाने दोमिंगोसला विचारायला सुरुवात केली. मान त्याचा तर तो कोण, कुठला, त्याची जागा कुठे, हे ठरायला नको? मी मध्ये दुभाषा. जात कोणती, याचं इंग्रजी करताना मला घाम फुटला.

तो म्हणाला, माझी आई पापेल, वडील मांदिंगा. वडील मुसलमान. मला आजीने चर्चमध्ये नेऊन नाव दिलं. जो नाच मी काल केला तो यांपैकी कुणाचाच नाही, बेटांवरच्या बिजागोंचा आहे.

"म्हंजी सोंगही स्वतःचं न्हाई," काकासाहेब म्हणाले.

"आमच्याकडे ज्याला जे जमतं ते तो नाचतो," दोमिंगोस म्हणाला. "नंतर सगळे म्हणतात, आपलंच आहे."

"मंग फुडं कोण चालतं? कोणाच्या मागं कोण, हे ठरेल न्हाई का?"

"दर वर्षी निराळं."

"मंग देश चालतो कसा?"

दोमिंगोसने जरा विचार केला. म्हणाला, "कधी कधी नाही चालत."

एवढं सरळ उत्तर आमच्या देवळात कुणी दिलं नव्हतं. मला तर कळेना, हा माणूस स्वतःच्या देशाची निंदा करतोय की स्तुती.

तोडगा दादाने काढला. आजवर तो बैठकीत कधी बोललाच नव्हता, म्हणून सगळ्यांनी वळून पाहिलं. तो म्हणाला, "मान घरातच राह्यला पाहिजे ना? मंग घर मोठं करू. आसराबाई त्याला मांडीवर घेईल."

आसराबाई माझी माय. मांडीवर घेणं म्हणजे दत्तक घेणं. आमच्यात त्याला कागद लागत नाही. गावादेखत मुलगा मांडीवर बसला की झाला. माय उभी राहिली तर दोमिंगोसच्या कोपरापर्यंत येईल न येईल. पण ती पुढे आली, देवळाच्या पायरीवर पाय पसरून बसली आणि म्हणाली, "ये बाबा. जल्दी बैस, माझे गुडघे दुखून राह्यले."

मी त्याला समजावून सांगितलं. "म्हणजे मी कोण होणार?" त्याने विचारलं. "भारतीय?"

हे मी कडूबाला विचारलं. कडूबा म्हणाला, "ते सरकारला विचारा म्हणावं. इथं तो रायभानचा होईल, बस."

दोमिंगोस मायच्या मांडीवर बसला. बसला म्हणजे तळपायांवर सगळा भार धरून अधांतरी टेकला. पोरं हसली. मायने त्याच्या तोंडात गूळ घातला आणि त्याचं डोकं आपल्या खांद्यावर ओढून घेतलं, तसा तो हमसून रडला. त्याची आई तो शिकत असतानाच गेली होती, हे तेव्हा कळलं. मायही रडली. काकासाहेबांचं तोंड बघण्यासारखं झालं होतं, आणि मीही मनातल्या मनात उड्या मारत होतो. तोवर कडूबाने शेवटचा प्रश्न विचारला.

"याचं साल कोणतं?"

"चौसष्ट," दोमिंगोस म्हणाला.

"आन् आबारावचं?"

माझं सदुसष्ट.

"मंग हा थोरला," कडूबा म्हणाला. "थोरला असताना धाकट्यानं मुखवटा तोंडाला लावायचा न्हाई. तो गावात नसला तर धाकटा हातात घेऊन चालंल, उघड्या तोंडानं. नाचायचं न्हाई. बराबर?"

सगळे म्हणाले, बराबर. दादासुद्धा म्हणाला. घराचा मान राहिला होता, फक्त माझा गेला होता. माझी बायको बेबीनंदा त्या रात्री जेवायला वाढताना म्हणाली, "लगीन केलं तवा तुम्ही एकुलते होते." मला तिच्यावर राग आला, दोमिंगोसवर राग आला, बापावर आला. आणि तो बिचारा ओसरीवर बसून मायला कांदे निवडू लागत होता, तर त्याच्यावरचा राग टिकेना. एकाच माणसाबद्दल सख्खी माया आणि सख्खा मत्सर एकदम वाटतो, तेव्हा तो खरंच भाऊ झालेला असतो की काय, कोण जाणे.

मे महिन्यात तो गेला. जाताना मला म्हणाला, पुढच्या वर्षी नाही जमलं तरी त्याच्या पुढच्या पंचमीला येतो. माझ्या हाताने तुझ्या तोंडाला लावतो. मी म्हटलं, सावकाश ये. मनात म्हटलं, जल्दी ये.

तो गेल्यावर महिनाभरात रेडिओवर त्याच्या देशाचं नाव ऐकलं. आयुष्यात पहिल्यांदाच बातम्यांत आलं, आणि आलं ते लढाईसाठी. राजधानीत फौजेचे दोन तट पडले होते, तोफा चालू होत्या, माणसं गाव सोडून पळत होती. मायने विचारलं, "कोणाशी लढून राह्यले?" मी म्हटलं, आपसातच. "कामून? एका रस्त्यानं नाचत होते ना?" मी पत्रं टाकली. जालन्याला जाऊन फोन लावला, तो वाजेचना. केंद्रावरच्या साहेबांनी दिल्लीला विचारलं, तिथूनही काही कळलं नाही.

पुढच्या पंचमीला मिरवणूक निघायच्या आधी कडूबाने रीतीप्रमाणे विचारलं, "रेड्याचा थोरला हाये का?" मी म्हटलं, "हाये, गावी गेलाय." आणि मुखवटा दोन हातांत धरून, उघड्या तोंडाने, काकासाहेबांच्या पुढे चाललो. रेडा नाचला नाही. हलगी नुसती चालीवर वाजली. लोक बघत होते ते माझ्या तोंडाकडे, आणि आयुष्यात एवढं उघडं मला कधी वाटलं नव्हतं. घरी आल्यावर दादा म्हणाला, अंत्ययात्रेवानी वाटलं.

तिथली लढाई नंतर थांबली असं ऐकलं. पत्र मात्र आलं नाही. दादाने अंथरूण धरलं. छाती भरून आली होती, डोळ्यांत मोतीबिंदू पिकले होते. डॉक्टरांनी ऑपरेशन नको म्हणून सांगितलं. दोन हजार सालची पंचमी चार दिवसांवर आली तेव्हा त्याने मला जवळ बसवलं.

"आबा, त्याचा दहावा घालू."

मी ऐकलं नाही असं दाखवलं.

"दोन वर्षं झाले. जिता असता तर कागद धाडला असता. दहावा घातला की तू थोरला. मुखवटा लाव, नाच. मला एक डाव रेडा नाचताना पाहू दे. फुडची पंचमी मला न्हाई."

चूल फुंकणारी माय फुंकणी हातात घेऊनच उठली. "माझ्या मांडीवर बसलेलं लेकरू हाये ते. त्याच्या नावानं पिंड ठेवशील तर बिलकुल याद राख."

"तू बी आई हायेस, आन् मी बी बाप हाये," दादा म्हणाला. "मरणाऱ्याचं ऐकायचं का मेलेल्याचं?"

"तो मेलेला न्हाई."

"तुला काय ठाऊक?"

तिला काहीच ठाऊक नव्हतं. मलाही नव्हतं. चार दिवस मी शेंगा मोजताना चुकत राहिलो. मुखवटा मला हवा होता, हे लपवून काय करू? लहानपणापासून हवा होता. बापाची शेवटची इच्छा आणि माझी इच्छा एकच होती, असा योग कितीकांना येतो? त्यासाठी एकच गोष्ट करायची होती, एका माणसाला मेला म्हणायचं. तो खरंच मेला असेल तर त्यात पापही नव्हतं. आणि जिवंत असेल तर त्याच्यापर्यंत कुठे ऐकू जाणार होतं? तरीही जीभ त्या शब्दाजवळ गेली की माघारी यायची.

पंचमीच्या सकाळी दादाला बाजेसकट उचलून मारुतीच्या देवळापुढे आणलं. त्याने हट्टच धरला होता. मी मुखवटा घेऊन उभा राहिलो. कडूबाला आता दोघांनी धरावं लागत होतं, पण प्रश्न त्याने खणखणीत विचारला.

"रेड्याचा थोरला हाये का गेला?"

काकासाहेब बघत होते. पुंजाराम बघत होता. माय पायरीवर बसली होती, तिने पदर तोंडाला लावला होता. मी बाजेकडे पाहिलं. दादाचे पांढुरके डोळे भलतीकडेच लागले होते. मी काय म्हणणार हे मला शेवटच्या घटकेपर्यंत माहीत नव्हतं, आणि कुणी म्हणेल की मी विचार करून बोललो, तर ते खोटं.

"हाये," मी म्हणालो.

दादाने मान फिरवली. बापाचं मन असं चारचौघांत मोडलं, आणि ते मीच मोडलं. मला तिथून पळून जावंसं वाटलं. हलगी चालीवर सुरू झाली. मी पाऊल टाकलं, दुसरं टाकलं, आणि बाजेजवळ आल्यावर माझ्याच्याने तसं चालवेना. मी मुखवटा दोन्ही हातांनी डोक्याच्या वर उचलला, तोंडाला न लावता, आणि गुडघे वाकवले. उघड्या तोंडाने नाचायला लागलो. दोमिंगोस फुरफुरला होता तसाच फुरफुरलो. हे नियमात बसतं की नाही, कुणालाच ठाऊक नव्हतं. काकासाहेब काहीतरी बोलायला पुढे आले आणि हलगीवाल्याने आवाज चढवला. कडूबा नुसता बघत राहिला.

दादा कोपरावर उठला. त्याला माझं तोंड दिसण्यासारखे डोळे नव्हते. उन्हात हलणारी शिंगं तेवढी दिसली असतील. त्याने हात पुढे केला आणि हाक मारली.

"दोमिंगा? आला का रे?"

त्याला खरंच तसं वाटलं, की मी जे केलं ते त्याने मनाशी मान्य केलं आणि मुद्दाम तसं विचारलं, ते मला आजही कळलेलं नाही. विचारायलाही तो नंतर फार दिवस राहिला नाही. त्या वेळी तो वाट बघत होता एवढंच दिसत होतं. मायने पदर खाली घेतला आणि माझ्याकडे पाहिलं. एकतीस वर्षं एकुलता असलेला मी, शिंगं वर धरून त्याच्या हाताशी वाकलो.

"आलो, दादा," मी म्हणालो.